अटकपूर्व जामीन आणि साखळी योजना : दाजींचं नाव एफआयआरमध्ये आलंय, मार्गदर्शन हवं

कृष्णाकाठ | सोमवार, रात्री १०.४०

नमस्कार. इथे बरीच वर्षं नुसता वाचत आलोय, धागा पहिल्यांदाच काढतोय. घरात तीन दिवस कुणी धड जेवलेलं नाही, म्हणून थेट मुद्द्यावर येतो.

माझे दाजी (मोठ्या ताईचे मिस्टर) सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी स्टेशनरीचं दुकान चालवतात. २०२३ च्या दिवाळीनंतर एका मित्राने त्यांना हॉटेलातल्या सेमिनारला नेलं. पॅकेज घ्यायचं, आयडी मिळणार, आयडीवर दरमहा परतावा. खाली माणसं जोडली की वेगळं कमिशन, डावा लेग आणि उजवा लेग, म्हणजे आपल्या खालच्या माणसांच्या दोन फांद्या. दाजींनी अडीच लाख भरले. पहिले काही महिने पैसे वेळेवर आले. मग त्यांनी नात्यातले, दुकानाशेजारचे, माझ्या आत्याच्या घरचे असे मिळून ३४ जण जोडले. यंदा उन्हाळ्यात परतावा थांबला, ॲप बंद पडलं, ऑफिसला कुलूप लागलं.

गेल्या आठवड्यात गुन्हा दाखल झाला आणि तपास आर्थिक गुन्हे शाखेकडे गेला. सहा जणांची नावं आहेत, दाजी पाचवे. कलमं अशी आहेत : फसवणूक, विश्वासघात, एमपीआयडी (ठेवीदारांच्या हितरक्षणाचा महाराष्ट्राचा कायदा) कलम ३, आणि साखळी योजनांवर बंदी घालणाऱ्या १९७८ च्या प्राइज चिट्स कायद्याची ३, ४, ५ व ६. काल दोन पोलीस घरी येऊन गेले. दाजी दुकानात नव्हते, तेव्हापासून ते एका मित्राकडे आहेत. त्यांचे स्वतःचेच अडीच लाख बुडाले आहेत. ते आरोपी कसे? आणि अटकपूर्व जामीन मिळतो का?

---

शिरस्तेदार | सोमवार, रात्री ११.१५

न्यायालयात ३१ वर्षं नोकरी केली, आता निवृत्त आहे. सल्ला वकिलाचाच घ्या. मी फक्त कामाचा क्रम सांगतो.

आधी एफआयआरची प्रत मिळवा. २०१६ च्या सुप्रीम कोर्टाच्या निर्देशानुसार, संवेदनशील गुन्हे वगळता, एफआयआर २४ तासांत संकेतस्थळावर टाकायचा असतो, तो तिथून उतरवून घ्या. गुन्हा रजिस्टर नंबर, कलमं आणि तुमच्या माणसाचं नाव कोणत्या वाक्यात आलंय हे पेन्सिलने खूण करून वाचा. नाव नुसतं यादीत आहे, की 'यांनी आम्हाला घरी येऊन माहिती दिली व रोख रक्कम घेतली' असं आहे, यात फार फरक पडतो.

अर्ज आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ खाली होतो. १ जुलै २०२४ च्या आधी हेच सीआरपीसीचं ४३८ होतं. अर्ज सत्र न्यायालयात किंवा हायकोर्टात करता येतो, पण रिवाज आधी सत्र न्यायालयात जाण्याचा. एमपीआयडी लागलंय म्हटल्यावर त्या कायद्याखाली नेमलेल्या विशेष न्यायाधीशांसमोर अर्ज जाईल. तिथे फेटाळला तर हायकोर्ट. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय आणि सांगली त्यातच येतं, म्हणजे मुंबईची वारी वाचली.

अर्ज दाखल झाला की सरकारी वकिलांना नोटीस निघते आणि तपासी अधिकाऱ्याचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, मागवला जातो. त्याला आठ-दहा दिवस लागतात. म्हणून पहिल्याच तारखेला अंतरिम संरक्षणाची वेगळी विनंती करायला वकिलांना सांगा. ते मिळालं नाही तर अर्ज प्रलंबित असतानाही अटक होऊ शकते.

---

मिरजकर_सुनंदा | सोमवार, रात्री ११.३०

ताईंना धीर द्या. पोलीस पुन्हा आले तर घरातल्या बायकांनी घाबरून काहीबाही बोलू नये. येणाऱ्या अधिकाऱ्याचं नाव, हुद्दा, वेळ लिहून ठेवा, एवढंच.

---

कायदेकानू | मंगळवार, सकाळी ७.५०

मी फौजदारी वकिली करतो. तुमचा खटला माझ्याकडे नाही, त्यामुळे सर्वसाधारण बोलतो. थोडं लांबेल, पण कलमं समजल्याशिवाय जामिनाचं गणित समजत नाही.

१९७८ च्या कायद्यात 'मनी सर्क्युलेशन स्कीम'ची व्याख्या आहे. तिचा गाभा दोन गोष्टींचा : झटपट किंवा सहज पैसा मिळवून देणारी योजना हवी, आणि तो पैसा मिळणं नवे सभासद येण्याशी जोडलेलं हवं. १९८२ साली कलकत्त्याच्या संचयिता प्रकरणात सुप्रीम कोर्टाने हे दोन्ही घटक आवश्यक मानले. ती पेढी कागदावर १२ टक्के व्याज दाखवून प्रत्यक्षात ४८ टक्क्यांपर्यंत देत होती, तरी ते व्याज नवा सभासद आणण्यावर अवलंबून नव्हतं, म्हणून या कायद्याखालचा तपास रद्द झाला. उलट २००८ च्या कुरियाचन चाको प्रकरणात, केरळातल्या योजनेत, दुप्पट रक्कम मिळणं पुढच्या सभासदांवर टिकून होतं. तिथे कोर्टाने कायदा लागू होतो असं म्हटलं. तुमच्या वर्णनातले डावा-उजवा लेग दुसऱ्या प्रकारात बसतात.

शिक्षा पाहा. कलम ४ : तीन वर्षांपर्यंत कैद किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. कलम ५, म्हणजे प्रचार करणं, कागद वाटणं, लोकांना पैसे भरायला बोलावणं : दोन वर्षांपर्यंत. कलम ६ कंपनीचा कारभार पाहणाऱ्यांसाठी. दंडाचे आकडे १९७८ चेच राहिले आहेत. म्हणून पोलीस या कायद्यावर थांबत नाहीत. फसवणुकीचं कलम (पूर्वीचं ४२०, आता न्याय संहितेचं ३१८(४), सात वर्षांपर्यंत) आणि एमपीआयडी कलम ३ (सहा वर्षांपर्यंत) जोडतात. मध्यवर्ती सरकारचा अनियंत्रित ठेव योजना बंदी कायदा २०१९ सुद्धा आहे. १९७८ च्या कायद्याने बंदी घातलेली योजना त्याच्या कलम ६ नुसार आपोआप 'अनियंत्रित ठेव योजना' ठरते, आणि तिथली शिक्षा बरीच जड आहे. आज ते कलम नसलं तरी तपासात वाढू शकतं.

एफआयआरमध्ये एक गोष्ट नीट पाहा. 'विश्वासघात' कोणता लावलाय? साधा (३१६(२), पाच वर्षांपर्यंत), की बँकर, व्यापारी, एजंट यांनी केलेला (३१६(५), जुना ४०९, जन्मठेपेपर्यंत)? दुसरा असेल तर सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यांसाठी अर्नेशकुमार निकालाने (२०१४) दिलेलं संरक्षण, म्हणजे अटकेआधी हजर राहण्याची नोटीस, त्याचा आधार कमकुवत होतो. आणि योजना २०२३ ते २०२५ चालली म्हणजे १ जुलै २०२४ पूर्वीच्या व्यवहारांना जुनं दंडविधान, नंतरच्यांना न्याय संहिता. दोन्हींची कलमं एकत्र दिसली तर गोंधळू नका.

आता जामीन. सुप्रीम कोर्टाने २०१३ मध्ये वाय. एस. जगनमोहन रेड्डी प्रकरणात आर्थिक गुन्हे हा वेगळा वर्ग आहे असं म्हटलं आणि २०१९ मध्ये पी. चिदंबरम प्रकरणात अशा गुन्ह्यांत अटकपूर्व जामीन क्वचितच द्यावा असं सांगितलं. सरकारी वकील हे दोन निकाल हमखास वाचून दाखवतात. आपल्याकडे क्यूनेट या साखळी पद्धतीच्या विक्री योजनेच्या प्रकरणात २०१६ साली बॉम्बे हायकोर्टाने संबंधित कंपनीच्या संचालकांचे अटकपूर्व अर्ज फेटाळले होते. दुसऱ्या बाजूला, म्हणजे अटकपूर्व जामीन मागणाऱ्याच्या उपयोगाचे निकाल : १९८० चा गुरबक्षसिंग सिब्बिया, सोलापूरच्या राजकारणातून उभा राहिलेला २०१० चा सिद्धाराम म्हेत्रे, आणि पाच न्यायमूर्तींचा २०२० चा सुशीला अगरवाल. शेवटचा निकाल सांगतो की एकदा दिलेला अटकपूर्व जामीन साधारणपणे मुदतीत बांधू नये, खटला संपेपर्यंत तो चालू राहू शकतो.

म्हणजे दार बंद नाही. कोर्ट विचारतं ते हे : हा माणूस साखळीत कुठे उभा होता, याच्याकडे किती पैसे आले, ते कुठे गेले, आणि याला कोठडीत घेतल्याशिवाय कळणार नाही असं काही उरलंय का? एमपीआयडीचं कलम ३ प्रवर्तक, भागीदार, संचालक, व्यवस्थापक आणि 'कारभारास जबाबदार' असलेल्या व्यक्ती वा कर्मचाऱ्यांबद्दल बोलतं. दाजी कारभाराला जबाबदार होते का, हा तुमचा पहिला मुद्दा. १९७८ च्या कलम ५ बाबत मात्र '३४ जण जोडले' हे वाक्यच अडचणीचं आहे. ते झाकू नका.

---

रानजाई | मंगळवार, सकाळी ९.०५

मी दुसऱ्या बाजूची आहे, आणि हा धागा वाचून हात थरथरतायत म्हणून लिहिते.

माझी आई अंगणवाडी सेविका होती. निवृत्तीनंतर हातात आलेल्या पैशातले तीन लाख तिने अशाच एका योजनेत घातले. कुणी कंपनीवाल्याने तिला फसवलं नाही. तिने कंपनी पाहिलीच नव्हती. समोरच्या वाड्यातल्या काकांनी सांगितलं, 'वहिनी, मी स्वतः भरलेत.' या चार शब्दांवर तिने पैसे दिले. काकांचेही बुडाले, हे खरं. पण आई त्यांच्या शब्दावर गेली होती, आणि त्या शब्दाचं कमिशन त्यांना मिळालं होतं. हे तिला गुन्हा दाखल झाल्यावर, वर्तमानपत्रातून कळलं.

'आमचेही बुडाले' म्हणताना तुमच्या दाजींनी एकदा त्या ३४ घरांचा विचार करावा.

---

कृष्णाकाठ | मंगळवार, सकाळी ९.४०

ताई, तुम्ही लिहिलंत ते खरं आहे. माझी आत्या त्या ३४ मध्ये आहे. तिच्याकडे जायची हिंमत झालेली नाही अजून.

---

तपास_निवृत्त | मंगळवार, दुपारी १.१०

पोलीस खात्यातून निवृत्त. शेवटची काही वर्षं आर्थिक गुन्ह्यांचा तपास केला. तपासी अधिकारी 'से' मध्ये काय लिहितो ते सांगतो, म्हणजे तुमच्या वकिलांना उत्तर आधीच तयार ठेवता येईल.

पहिली ओळ बहुतेक वेळा अशी : 'आरोपी मिळून येत नाही.' दाजी मित्राकडे जाऊन बसलेत ना, तेच. फरारी घोषित झालेल्याला अटकपूर्व जामीन साधारणपणे मिळत नाही, हे सुप्रीम कोर्टाने २०१२ मध्ये लवेश प्रकरणात सांगितलंय. दाजी अजून त्या टप्प्यावर नाहीत, पण प्रत्येक दिवस त्या दिशेने जातो. वकिलामार्फत तपासी अधिकाऱ्याला लेखी कळवा की अर्ज दाखल केला आहे, पत्ता हा, फोन हा, कागद द्यायला तयार आहे. पोहोच घ्या.

दुसरी ओळ : 'डिजिटल पुरावा जप्त करणे आहे.' फोन बदलू नका, व्हॉट्सॲप ग्रुपमधून बाहेर पडू नका, चॅट पुसू नका. मी पाहिलेल्या प्रकरणांत निम्मी माणसं भीतीपोटी हेच करतात. पुसलेलं बऱ्याचदा परत मिळतं, आणि 'पुरावा नष्ट केला' हे जामीन नाकारायला पुरेसं कारण होतं. सेमिनारचे फोटो, बॅनर, लीडरने पाठवलेले आवाज, सगळं जसंच्या तसं राहू द्या. लीडरविरुद्धचा पुरावा तोच आहे.

तिसरी ओळ : 'पैशाचा माग काढणे आहे.' इथे खालचा एजंट आणि वरचा लीडर वेगळे होतात. लीडरच्या खात्यातून पैसा जमिनीत, सोन्यात, नातेवाइकांच्या नावावर गेलेला असतो. त्याची चौकशी कोठडीशिवाय अवघड जाते. खालच्या माणसाचा पैसा आयडी टॉप-अप करण्यात, म्हणजे त्याच आयडीवर आणखी रक्कम भरण्यात, परत कंपनीतच गेलेला असतो. हे कागदावर दिसलं तर कोठडीची गरज आपोआप कमी दिसते.

---

अंकगणित | मंगळवार, दुपारी ३.३०

शिक्षक आहे, कायदा कळत नाही. पण 'लोकांना कळायला हवं होतं' असं जो तो म्हणतो, म्हणून हिशेब मांडतो. प्रत्येकाने दोनच माणसं जोडायची. दहाव्या पायरीवर १,०२४. विसाव्या पायरीवर १०,४८,५७६. सत्ताविसाव्या पायरीवर १३ कोटी ४२ लाख, आणि २०११ च्या जनगणनेत अख्ख्या महाराष्ट्राची लोकसंख्या ११ कोटी २४ लाख होती. साखळी तुटते तेव्हा सगळ्यात मोठी पायरी शेवटचीच असते, म्हणजे नेहमी निम्म्याहून जास्त लोक असे की ज्यांच्या खाली कुणीच नाही. मुलांना भूमिती श्रेढी शिकवताना मी हेच उदाहरण घेतो.

---

कायदेकानू | मंगळवार, सायं. ६.२०

तपास_निवृत्त यांनी नेमकं सांगितलंय. त्याला जोडून : दाजींना बसवून एक हिशेब करायला लावा. चार रकाने. स्वतःचे किती भरले, परतावा म्हणून किती आले, कमिशन किती, आणि त्यातलं परत टॉप-अप किती. शिवाय लोकांकडून रोख किती घेतलं आणि ते कुठल्या खात्यात, कुठल्या तारखेला भरलं. बँकेचा शिक्क्यासह उतारा घ्या. फोनमधल्या नोंदींचे छापील कागद जोडायचे असतील तर नव्या साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं, ते वकील पाहतील.

आकडे गैरसोयीचे निघाले तरी तसेच राहू द्या. बँक उतारे पोलिसांकडेही येणार आहेत.

---

कृष्णाकाठ | बुधवार, रात्री ११.५५

काल-आज मिळून दाजींसोबत हिशेब केला. दुकानाच्या जुन्या वहीत, ताई शेजारी बसून.

भरले : २,५०,००० आणि नंतर कमिशनमधून टॉप-अप १,४०,०००. एकूण ३,९०,०००.
आले : परतावा १,९०,००० आणि कमिशन ३,१२,०००. एकूण ५,०२,०००.

म्हणजे दाजींचे पैसे बुडालेले नाहीत. १,१२,००० वर आलेत. ते गेले चार महिने सगळ्यांना, आम्हाला आणि स्वतःलाही, 'माझे अडीच लाख गेले' असंच सांगत होते. आलेला परतावा त्यांनी कधी मोजलाच नव्हता. ॲपवर जो फुगलेला आकडा दिसायचा तो स्वतःचा समजून तो गेला म्हणून रडत होते. बेरीज झाल्यावर बराच वेळ गप्प बसले. ताई उठून आत गेली.

नऊ जणांकडून रोख ६,३०,००० घेतले होते. ते सगळे दोन-तीन दिवसांच्या आत वरच्या लीडरच्या खात्यात भरल्याच्या नोंदी आहेत.

प्रश्न असा, की हे १,१२,००० कोर्टात भरतो म्हणून सांगितलं तर जामीन सोपा होईल का? दाजींची तयारी आहे. ताई दागिने मोडायला तयार आहे.

---

शिरस्तेदार | गुरुवार, सकाळी ६.४५

दागिने मोडू नका. घाईने तर मुळीच नको.

---

कायदेकानू | गुरुवार, सकाळी ८.१५

या प्रश्नावर जरा थांबतो, कारण इथेच लोक चुकतात.

२०२१ च्या दिलीप सिंग निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की जामिनाचा अर्ज ऐकणारं फौजदारी न्यायालय वसुली एजंट नाही. जुलै २०२३ मध्ये रमेशकुमार प्रकरणात हेच पुन्हा सांगितलं : पैसे भरायची तयारी दाखवली म्हणून अटकपूर्व जामीन, असा सौदा होऊ नये. त्याच निकालात अपवादाला थोडी जागा ठेवली आहे, सार्वजनिक पैशाच्या अपहारासारख्या प्रकरणांसाठी. जुलै २०२५ मध्ये तर महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात कोर्टाने बजावलं की आरोपीच्या पैसे भरण्याच्या हमीवर जामीन देऊ नका, गुणदोषांवर निर्णय करा. तिथे आरोपीने मोठी रक्कम भरायची हमी दिली, बाहेर आला आणि मागे हटला.

व्यवहारात ठेवीदारांच्या प्रकरणांत 'किती भरता?' हा प्रश्न अजूनही कानावर येतो. माझं स्पष्ट मत : जी रक्कम भरणं शक्य नाही ती कधीच कबूल करू नका. हमी मोडली की जामीन जातो आणि पुढच्या कोर्टात तोंड दाखवायला जागा राहत नाही. पण जे १,१२,००० खरोखर तुमचे नाहीत असं तुमच्याच हिशेबातून दिसतंय, ते अर्जाच्या निकालाशी न जोडता, गुन्हा कबूल न करता, कोर्टात जमा करण्याची तयारी शपथपत्रात लिहिता येते. जामिनाची किंमत म्हणून ते मांडू नये. लिहायचं की नाही ते तुमच्या वकिलांनी पूर्ण कागद पाहून ठरवावं.

---

रानजाई | गुरुवार, सकाळी १०.३०

तुम्ही हिशेब इथे लिहिलात, त्याबद्दल मनापासून धन्यवाद. आमच्या समोरच्या काकांनी तो कधीच केला नाही.

मला एक विचारायचं आहे. अशा अर्जात आमच्यासारख्यांचं कोण ऐकतं? आईच्या प्रकरणात चार जणांना जामीन मिळाला, ते आम्हाला नंतर कळलं.

---

कायदेकानू | गुरुवार, सकाळी ११.००

रानजाई, ऐकून घेण्याचा हक्क आहे. २०२२ मध्ये लखीमपूर प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की पीडिताला जामिनासह प्रत्येक टप्प्यावर म्हणणं मांडता येतं. वकिलामार्फत हस्तक्षेप अर्ज द्यायचा. अनेक ठेवीदार मिळून एकच अर्ज दिला तर खर्चही वाटला जातो.

पण तुमचा खरा लढा दुसरीकडे आहे. एखादा एजंट चार आठवडे आत राहिला म्हणून आईचे तीन लाख परत येत नाहीत. एमपीआयडीच्या कलम ४ खाली सरकार मालमत्ता जप्तीचा आदेश काढतं, कलम ५ खाली सक्षम प्राधिकारी नेमला जातो, बहुतेक वेळा महसूल खात्यातला उपविभागीय अधिकारी किंवा उपजिल्हाधिकारी. पैसे परत येण्याचा रस्ता तिथून जातो. आईचा दावा, पावत्या, बँक उतारा तिथे दिलाय का? आधी ते पाहा. लीडरने बायको-मेहुण्याच्या नावावर केलेली जमीन माहीत असेल तर सर्व्हे नंबरसह कळवा. वाईट हेतूने हस्तांतरित केलेल्या मालमत्तेपर्यंत पोहोचण्याची तरतूद कलम ८ मध्ये आहे.

---

रानजाई | गुरुवार, सकाळी ११.४०

तक्रार दिली होती. दावा वेगळा द्यायचा असतो हे कुणी सांगितलंच नाही. उद्याच जाते.

---

दादरकर | गुरुवार, रात्री ९.००

जानेवारी २०२५ मध्ये टोरेस या गुंतवणुकीवर परतावा देऊ म्हणणाऱ्या दागिन्यांच्या कंपनीच्या दादरच्या दुकानाबाहेर जमलेली गर्दी मी डोळ्यांनी पाहिलीय. भाजीवाले, रिक्षावाले, घरकाम करणाऱ्या बायका. हातात खड्यांच्या डब्या घेऊन उभे. म्हणून एजंटांबद्दल मला फारशी सहानुभूती वाटत नाही, पण या धाग्यावर पहिल्यांदाच त्यांच्यातला फरक समजला.

एक शंका : डायरेक्ट सेलिंग कायदेशीर आहे ना? मग यांना 'आम्ही वस्तू विकत होतो' म्हणता येईल का?

---

कायदेकानू | गुरुवार, रात्री ९.५०

डायरेक्ट सेलिंग कायदेशीर आहे. डिसेंबर २०२१ च्या ग्राहक संरक्षण नियमांनी त्याला चौकट दिली आणि त्याच नियमांनी पिरॅमिड व मनी सर्क्युलेशन योजनांना मनाई केली. कमिशन वस्तू विकल्याचं की माणूस आणल्याचं, हा कसोटीचा प्रश्न. पॅकेजसोबत दिलेली पावडरची डबी कुणी उघडलीच नसेल तर तिच्यावर बचाव उभा करू नये.

---

कृष्णाकाठ | पुढचा मंगळवार, सायं. ७.३०

उशीर झाला, माफ करा. शुक्रवारी अर्ज दाखल केला. हिशेबाची वही, बँक उतारे आणि ३४ जणांची यादी जोडली, प्रत्येकापुढे रक्कम आणि कुणाच्या खात्यात गेली ते लिहून. वकिलांनी तपासी अधिकाऱ्यांना पत्र दिलं, पोहोच घेतली.

आज अंतरिम आदेश झाला. अटक झाल्यास २५ हजारांच्या जातमुचलक्यावर सोडावं, सोमवारी आणि गुरुवारी ११ ते १ आर्थिक गुन्हे शाखेत हजेरी, फोन चौकशीसाठी जमा करायचा, साक्षीदारांवर दबाव नाही, परवानगीशिवाय देशाबाहेर जायचं नाही. अंतिम सुनावणी तीन आठवड्यांनी.

त्याच दिवशी वरच्या लीडरचाही अर्ज होता. त्यांच्या वकिलांनी 'आम्हीही गुंतवणूकदारच' असं म्हटलं. न्यायाधीशांनी विचारलं, किती भरले, किती आले? त्यांच्याकडे आकडा नव्हता. त्यांना संरक्षण मिळालं नाही.

---

तपास_निवृत्त | मंगळवार, रात्री ८.१५

हजेरी एकही चुकवू नये. प्रत्येक वेळी स्टेशन डायरीत नोंद झाली का ते विचारावं. अंतिम सुनावणीला 'तपासात सहकार्य नाही' एवढं एकच वाक्य आलं तरी अंतरिम आदेश टिकत नाही. आणि विचारलेल्या प्रश्नांना खरी उत्तरं द्यावीत. सहकार्य म्हणजे गुन्ह्याची कबुली नव्हे, हे त्यांना समजावून सांगा.

---

कृष्णाकाठ | चार आठवड्यांनी, शनिवार

अंतिम सुनावणी झाली. अंतरिम आदेश कायम झाला. चार ठेवीदारांनी हस्तक्षेप अर्ज दिला होता, न्यायाधीशांनी त्यांचंही ऐकून घेतलं. १,१२,००० जमा करण्याची तयारी आम्ही शपथपत्रात लिहिली होती. कोर्टाने ती जामिनाची अट केली नाही. तरीही दाजींनी वकिलांमार्फत रक्कम न्यायालयात जमा करण्यासाठी वेगळा अर्ज दिलाय. दागिन्यांना हात लावला नाही. दुकानातला माल आणि एक जुनी भिशी मोडून उभे केले.

हस्तक्षेप करणाऱ्या चौघांत माझी आत्या होती. कोर्टाच्या जिन्यात समोरासमोर आलो. दाजी खाली वाकले, तिने पाय मागे घेतले आणि विचारलं, 'यादीत माझे किती लिहिलेस?' दाजी म्हणाले, 'पंच्याऐंशी हजार.' ती म्हणाली, 'बरोबर आहे,' आणि निघून गेली.

आता पुढचं. काल कळलं की याच योजनेचा दुसरा गुन्हा कोल्हापुरात दाखल झालाय, त्यातही दाजींचं नाव आहे. पहिला जामीन तिथे चालेल का?

---

शिरस्तेदार | शनिवार, रात्री ९.२०

चालत नाही. अटकपूर्व जामीन त्या-त्या गुन्ह्यापुरता असतो, सरसकट आदेश देता येत नाही हे सिब्बियापासून ठरलेलं आहे. कोल्हापूरच्या सत्र न्यायालयात वेगळा अर्ज करा. सांगलीच्या आदेशाची प्रमाणित प्रत, हजेरीच्या नोंदी आणि तीच यादी जोडा. प्रमाणित प्रतीसाठी सोमवारी सकाळी नक्कल विभागात अर्ज टाका, तातडीचा शेरा मारून घ्या.

---

कृष्णाकाठ | शनिवार, रात्री ९.४०

सोमवारी दहालाच जातो. दाजी आत्ता यादीची दुसरी प्रत काढायला बसलेत. ताई रकमा वाचून दाखवतेय.